नव्या बुटाची बाधा

आमच्या धुलाई कारखान्याच्या दारात सकाळीच अनवाणी पायांची रांग लागली होती. नखांची बाधा काढणारे नखबाबा प्रत्येकाच्या पायाला राखाडी अंगारा चोळत, पाय परातीतल्या ताज्या पाण्यात बुडवत, आणि बघता बघता पाणी काळंकुट्ट होई. "निघाली बाधा," ते डोळे मिटून सांगत, जणू आत्ताच तिला वेशीपर्यंत सोडून आले.

पिवळी, जाड, भुसभुशीत नखं आमच्यात बहुतेकांना होती. माझ्या ताईला सगळ्यात जास्त. बाबांनी तिचा अंगठा ओल्या फडक्यात बांधला आणि बजावलं, गाठ सोडली किंवा डॉक्टर गाठला तर बाधा घरातल्या लेकराला धरेल. ताईला मधुमेह. फडक्याला वास सुटला तरी ती हात लावू देईना.

"तुझ्या लेकीला काही झालं तर?" एवढंच म्हणायची. माझ्याच मुलीसाठी ती सोसत होती, याचा मला जास्त संताप यायचा. कारखान्यात तरी मोकळा श्वास घ्यावा, तर परातीत पाय घातल्याशिवाय मुकादम कामावर घेईना.

शेवटी कामगारांना तपासणाऱ्या डॉक्टरीणबाईंना मी सगळं सांगितलं. त्या रांगेत उभ्या राहिल्या आणि पायाऐवजी कोठारातला कोरा रबरी बूट पुढे केला. निर्जीवाला बाधा नसते, असं बाबा पुटपुटले. बाईंनी स्वतःच अंगारा चोळून बूट बुडवला. पाणी काळं झालं. रांगेत कुणीतरी फिस्सकन हसलं.

अंगाऱ्यात हिरड्याची पूड, परातीत हिराकसाचं, म्हणजे लोहक्षाराचं पाणी; दोन्ही भेटली की शाई होते, बाईंनी सांगितलं. खरी बाधा आमच्या बुटांत होती. सगळ्यांच्या सामायिक ढिगातला मापाचा दिसेल तो ओला बूट आम्ही पायात घालायचो; कामाची पाळी संपली की आम्ही घरी जायचो, पण नखं पोखरणारी बुरशी बुटातच राहायची.

मग ताईनं स्वतःच पाय पुढे केला आणि बाईंनी गाठ कात्रीनं कापली. खाली जखम चिघळली होती, पण अंगठा वाचण्यासारखा होता. आधी जखमेचा इलाज, नखाचा तुकडा तपासायला, मग रक्त तपासून गोळ्या. कुणाकुणाला नुसतं नखावर लावायचं औषधही पुरतं. नवं नख पूर्ण यायला वर्षसुद्धा लागेल.

"वर्ष? बाबा तर क्षणात..." ताई म्हणाली.

"बाबांनी क्षणात पाणी काळं केलं, ताई. नख बरं नाही केलं," बाई म्हणाल्या.

तुमच्या घरातही कुणी अशी गाठ बांधली असेल, तर आधी डॉक्टरकडे जा; बाबांची परीक्षा घ्यायचीच असेल, तर अंगारा चोळून कोरा बूट त्यांच्या परातीत बुडवून बघा. ताईचा अंगठा आता बरा होतोय. पण माझी लेक झोपली की ती अजून हळूच पांघरूण सारून तिची नखं बघते.