आठवा प्रहर

वसुधाला पद्मजा आवडत नव्हती असं म्हणणं म्हणजे मिशिगनमध्ये जानेवारीत जरा गारवा असतो असं म्हणण्यासारखं होतं. पद्मजा तिथल्या ट्रॉय गावच्या मराठी मंडळाची अध्यक्ष. सगळ्यांच्या पोरांच्या मार्कांपासून भाजीतल्या मिठापर्यंत सगळ्यावर तिचं मत होतं, आणि ते ऐकून घेणं हे मंडळाचं कर्तव्य होतं.

सत्त्याऐंशीचा पाडवा आला सोमवारी, म्हणून मंडळानं तो पुढच्या रविवारी, पाच एप्रिलला ठेवला. शाळेचा हॉल एक ते पाच मिळाला होता, किल्ली पद्मजाकडे होती. त्या कार्यक्रमात वसुधाची बारा वर्षांची दीपा गाणार होती.

आणि हे साधंसुधं नव्हतं. दीपा घरात मराठीला हातही लावत नसे. आईच्या प्रत्येक वाक्याला इंग्रजीत उत्तर. पण त्या हिवाळ्यात तिनं वहीत एक राज्य रचलं, ओरीमा नावाचं. तिथे एकेकाळी दिवसाचे आठ प्रहर होते. एका राणीनं बहिणीवरच्या रागापोटी एक चोरला, तेव्हापासून सातच उरले. दर नव्या वर्षी तिथे एक मुलगी दिवा घेऊन प्रहरांचं गाणं गाते. शेवटी ती जमलेल्यांना विचारते, आठवा कुणी नेला? सगळ्यांनी म्हणायचं, ‘मी नाही नेला.’ मग ती शेवटची ओळ गाते आणि वर्ष सुरू होतं. कुणी खोटं बोललं, तर ओळ गायची नाही. वर्ष बाहेरच राहतं.

वसुधानं त्याची आठ मराठी कडवी केली. दीपानं ती पाठ केली, अर्थ विचारून विचारून, आणि महिनाभर मायलेकी मराठीत बोलल्या. वसुधाला आयुष्यात एवढं सुख कशानंच झालं नव्हतं.

शुक्रवारी तालमीत पद्मजा म्हणाली, “आठ कडवी? अगं, हा काय सत्यनारायण आहे? आणि दीपाचे उच्चार ऐकलेस का? गोऱ्या मुलीनं आरती म्हटल्यासारखं वाटतं.” दीपासमोर म्हणाली. कमिटीनं मतं घेतली, चार विरुद्ध तीन, गाणं पूर्ण राहिलं. पण वसुधाच्या अंगाची आग काही शमली नाही.

शनिवारी दुपारी सेक्रेटरी प्रतिमाचा फोन आला. “वसुधा, उन्हाळ्यासाठी घड्याळं उद्यापासून एक तास पुढे! या वर्षी नवीन कायदा आलाय, एप्रिलच्या शेवटी नाही, पहिल्याच रविवारी. तू पद्मजाला कॉल कर, ती पुढच्यांना करेल.” मंडळात निरोप असाच एकानं दुसऱ्याला फोन करून जात असे.

वसुधानं फोन ठेवला. मग पुन्हा उचलला, आणि पुन्हा ठेवला. अध्यक्षबाई ना? सगळं कळतं ना तिला? वाच म्हणावं पेपर!

“आई, पद्मजामावशीला कॉल नाही करत?” गाणं घोकणाऱ्या दीपानं विचारलं.

“करते नंतर,” वसुधा म्हणाली, आणि पोळ्यांना लागली.

रविवारी एक वाजता निम्मं मंडळ बंद दारासमोर उभं. वारा असा की पैठण्यांवरून कोट चढवावे लागले. वसुधाला मात्र मनातून उकळ्या फुटत होत्या. पद्मजा आली दोन वाजता, निवांत, हातात गुढीचा कलश. सगळ्यांच्या मनगटावरची घड्याळं बघून तिचा चेहरा उतरला. तबला, माइक आणि उरलेली माणसं तिच्या मागोमाग उगवली.

“मला कोणीच कसा फोन केला नाही?” पद्मजा कडाडली.

प्रतिमानं वळून पाहिलं. “वसुधा, तू केला होतास ना?”

“केला होता की. एंगेज लागत होता सारखा.”

दिवा धरून उभ्या असलेल्या दीपानं आईकडे पाहिलं.

पद्मजानं पर्समधून यादी काढली आणि पेननं रेघा मारायला लागली. “एक तास गेला. पाचला शाळावाले दिवे बंद करतील. दीपा, तू फक्त शेवटचं कडवं म्हण.”

“सात कडवी कॅन्सल?” वसुधा ओरडली. “कमिटीनं ठरवलंय, पद्मजा!”

“मग कमिटीकडून तासही आण.”

तो तास कुठे गेला हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक होतं? लेकीचं गाणं तिनं स्वतःच्या हातानं कापलं होतं, आणि तरी तिला राग पद्मजाचाच येत होता.

चार वाजून चाळीस मिनिटांनी दीपा स्टेजवर आली. दिवा हातात, आवाज स्वच्छ.

सात प्रहर घरी आले, आठवा कुठे राहिला?
वर्ष दाराशी उभं, सांगा कुणी तो नेला?

“मी नाही नेला!” दीपानं आधी सांगून ठेवल्याप्रमाणे हॉल एका सुरात गरजला. एकच आवाज कमी होता. दीपा थांबली. तिनं पुन्हा विचारलं, या वेळी सरळ तिसऱ्या रांगेतल्या आईकडे बघत. हळूहळू सगळे गप्प झाले. पुढच्या खुर्चीवरून पद्मजानं मान वळवली, एक भुवई उंचावून.

वसुधाच्या ओठांवर खरं आलं होतं. पण ती भुवई! त्या भुवईपुढे मान खाली घालायची?

“मी नाही नेला,” वसुधा म्हणाली. सगळ्यांना ऐकू जाईल असं.

दीपानं दिवा फुंकला आणि आत गेली. गाणं संपलं असं समजून लोकांनी टाळ्या वाजवल्या. पद्मजानंही वाजवल्या.

गाडीत वसुधानं विचारलं, “शेवटची ओळ का गायली नाहीस गं?”

दीपा खिडकीबाहेर बघत होती.

“यू नो द रूल, मॉम,” ती म्हणाली.

महिनाभर ती ‘आई’ म्हणत होती. वसुधानं मराठीत आणखी दोनदा काहीतरी विचारलं, आणि घर येईपर्यंत दोन्ही वेळा तिला इंग्रजीतच उत्तर मिळालं.