कपाटाचा शेवटचा मजला

मी डबा बोलतोय. जेवणाचा नव्हे, खेळायचा. कारखान्यातून निघालो तेव्हा खोक्यावर माझं नाव चकचकीत अक्षरांत छापलेलं होतं, पुढे कसलेसे आकडे. पण या घरात आलो आणि धाकटीने मला उलटापालटा करून विचारलं, "ताई, या डब्यात किती गेम मावतात गं?" त्या दिवसापासून मी डबा. मला त्याचं कधी वाईट वाटलं नाही. माझ्या बरोबरीचे किती जण नुसत्या आकड्यांवर म्हातारे झाले असतील!

माझं रूप साधं आहे. दोन हातांत धरायचं, मधे पडदा, दोन्ही अंगांना बटणं. डावीकडचं एक बटण जरा ढिलं झालंय आणि कोपऱ्याचा रंग उडालाय. माझ्या जातीचे डबे आता कोणी बनवत नाही. तरी मी अजून पहिल्या दाबात चालू होतो. फुशारकी नाही, खरं तेच सांगतोय.

घरात बायका तिघी. आई बालवाडीत शिकवायची, अजूनही शिकवते. थोरली ती ताई, आणि तिच्या मागची धाकटी. मी आलो तो दोघींत एक. त्यामुळे पहिल्या दिवसापासून भांडण. आईने तोडगा काढला: तिचं कपडे वाळत घालून होईपर्यंत एकीची खेळायची पाळी, वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालून होईपर्यंत दुसरीची. घड्यांना जास्त वेळ लागतो हे आधी धाकटीच्या लक्षात आलं. मग ती पाळी कायम तिची.

ही ओढाताण मिटवली एका गेमने. दोन हमाल आहेत आणि एक भलंमोठं आरशाचं कपाट. ते एका उंच इमारतीच्या जिन्यावरून गच्चीवर न्यायचं, आरसा न फोडता. एक हमाल माझ्या डाव्या बटणांवर चालतो, दुसरा उजव्या. एकटा माणूस दोन्ही हातांनी खेळू शकतो, पण या दोघींनी मला मधे धरलं. ताईचा डावा हात इकडे, धाकटीचा उजवा हात तिकडे, आणि मोकळे हात एकमेकींच्या पाठीमागून.

"उचल, उचल! अगं वर उचल ना!"

"मी उचललंय, तूच खाली वाकलीस!"

"भिंत! भिंत! गेला आरसा!"

आरसा फुटला की दोघी एकमेकींना ढकलायच्या आणि मी गादीवर पडायचो. आई आतून ओरडायची, "एकदाचं ते कपाट आहे तिथेच ठेवा आणि अभ्यासाला बसा!" असे मजल्यामागून मजले चढले.

वर्षं गेली. ताई इंजिनियर झाली, तीही जहाजावरची. महिनोन् महिने समुद्रावर, मग काही आठवडे घरी. धाकटी चष्म्याच्या दुकानात लागली, काचा घासून फ्रेममध्ये बसवायला. दोघी कमावत्या झाल्या आणि मी भरत गेलो. आज हा गेम सवलतीत, उद्या तो फुकट, म्हणून इंटरनेटवरून माझ्यात उतरवून ठेवायचा. माणसं गेम उतरवून घेतात तेव्हा तो खेळायला वेळही बरोबरच मिळाला असं धरून चालतात. मी मात्र आतून गच्च होत होतो. कितीतरी गेम असे होते की त्यांचं चित्र माझ्या पडद्यावर वर्षानुवर्षं बसलेलं, आणि आत कोणी पाऊल टाकलेलं नाही.

आता त्या रविवारचं सांगतो.

ताईची सुट्टी संपत आली होती. दुसऱ्या दिवशी सकाळी निघायचं. पलंगावर बॅग उघडी पडली होती आणि धाकटी सकाळीच दुकानात गेली होती, कारण रविवारी दुपारपर्यंत दुकान उघडं असतं. या खेपेला मला जहाजावर न्यायचं ठरलं होतं. ताईने फार पूर्वी एक मोठा गेम विकत घेऊन ठेवला होता, राज्य उभारण्याचा, महिनेच्या महिने पुरेल असा. जहाजावर इंटरनेट नावापुरतं, म्हणून तो घरूनच उतरवून न्यायला हवा. तिने बटण दाबलं. मी प्रामाणिकपणे सांगितलं, जागा अपुरी आहे.

"भरलास काय रे एवढा?" ती म्हणाली.

भरणाऱ्या तुम्हीच दोघी!

ताई कामाला वाघ. इंजिनाच्या खोलीत ती प्रत्येक काटा, प्रत्येक झडप डोळ्यांत तेल घालून बघते. माझ्या आत शिरून तिने गेमांची यादी काढली आणि शेवटचं कधी खेळलं त्या क्रमाने लावली. जे वर्षभरात उघडले नाहीत ते खाली गोळा झाले. मग एकेकावर टिचकी: हा गेला, हाही गेला, हा कशाला घेतला होता देव जाणे. एकेक काढत बसायची गरज नाही, सगळ्यांवर खुणा करून एकदम काढता येतात, ही सोय माझ्यात आहे. तिच्या बोटांना लय सापडली. त्या लयीत कपाटाच्या गेमवरही खूण झाली. त्यालाही वर्ष उलटून गेलं होतं.

मी शेवटी एक सूचना दाखवतो, चांगली चार ओळींची. माणसं ती वाचत नाहीत. काट्यांवर नजर ठेवणाऱ्या ताईनेही वाचली नाही. "हो" म्हणाली, आणि माझ्या पोटातलं अर्ध्याहून जास्त सामान एका दमात बाहेर पडलं.

मला बरं वाटलं, हे लपवत नाही. अंगावरचं ओझं उतरलं. ताईने लगेच राज्याचा गेम उतरवायला लावला आणि ती बॅगेकडे वळली.

धाकटी आली ती हातात केकचं खोकं घेऊन. ताई निघणार म्हणून आणलेला असेल, असं मला वाटलं. तो टेबलावर ठेवून ती थेट माझ्याकडे आली. मला उचललं, पडदा सरकवला, पुन्हा मागे सरकवला.

"ताई, कपाट कुठाय?"

"कुठलं कपाट?"

"आपलं कपाट."

ताई मोजे गुंडाळत होती. "अगं, जागा करायला काढले बरेच. वर्षभर कोणी उघडलंच नव्हतं ते. मला वाटलं, कंटाळलीस तू."

धाकटीने मला पलंगावर ठेवलं. मग म्हणाली, "कंटाळले नव्हते. शेवटचा मजला राहिला होता. तू नव्हतीस म्हणून उघडलं नाही."

ताईचे हात थांबले.

"गेल्या सुट्टीत तुला झोपच पुरत नव्हती," धाकटी पुढे म्हणाली. "या सुट्टीत आज नाही उद्या करत राहिलीस. मी म्हटलं, जायच्या आधी एक दिवस तरी बसशील. केक त्यासाठीच आणला होता. तुझ्या जाण्याचा केक कोण आणतं?" आणि ती आत गेली. दार आपटलं नाही, नुसतं लावून घेतलं. आपटलं असतं तर ताईला सोपं गेलं असतं.

आई दारात उभी राहून सगळं ऐकत होती. "विचारायचंस तरी एकदा," एवढंच म्हणाली.

ताई रडणाऱ्यांतली नाही. तिने मला मांडीवर घेतलं आणि बिघडलेला पंप उघडावा तशी ती माझ्या आत शिरली. एकेक पान उलटलं. आणि साठवणीच्या पानावर, अगदी तळाला, तिला सापडलं: जतन केलेली प्रगती. तिथे कपाटाचं बारीकसं चित्र जागच्या जागी होतं. मी तेच तर सांगितलं होतं त्या चार ओळींत! गेम काढला तरी खेळून झालेला भाग मी सांभाळून ठेवतो.

"आई! मजले आहेत! सगळे आहेत! फक्त गेम परत उतरवायला हवा!"

पण खरी मेख पुढेच होती. आमच्यासारख्या जुन्या डब्यांचं इंटरनेटवरचं गेमचं दुकान बंद झालेलं. नवीन काही मिळत नाही, आधी घेतलेलं तेवढं परत उतरवता येतं, आणि तेही कधीपर्यंत ते कोणी सांगत नाही. शिवाय कपाट ताईच्या खात्यावर नव्हतं. मुली लहान होत्या तेव्हा आईच्या नावाने उघडलेल्या खात्यावर होतं. मी पासवर्ड मागितला.

"आई, पासवर्ड काय?"

"मला काय विचारतेस? नाव माझं, कारभार तुमचा. धाकटीने टाकला होता तो."

ताई बंद दारापाशी गेली. मी तिच्या हातातच होतो.

"धाकटे, आईच्या खात्याचा पासवर्ड सांग ना."

ताईने दारावर टकटक केलं.

"मी चुकले. विचारायला हवं होतं. पण आपले मजले शाबूत आहेत गं. पासवर्ड सांग, मी परत आणते."

बऱ्याच वेळाने आतून आवाज आला. "ताईगाढव."

"हो, आहे मी गाढव. ऐकून घेते. पण पासवर्ड सांग."

"तोच पासवर्ड आहे. ताईगाढव. सगळं जोडून. मधे जागा नाही."

आई तिथेच भिंतीला टेकून हसायला लागली. बालवाडीच्या बाई, पण त्यांना आवरेना. ताईनेही हसत हसत टाईप केलं, आणि मी म्हटलं, स्वागत आहे. दार उघडलं. धाकटीचे डोळे लाल होते आणि ओठ हसू दाबत होते.

"पासवर्ड टाकला तेव्हा तू मला घड्या घालायला लावल्या होत्यास," ती म्हणाली, "माझी पाळी असून."

आधी घेतलेल्यांच्या यादीत कपाट सापडलं. पण मी पुन्हा जागेवर अडलो. अर्धवट उतरलेल्या राज्याने आपली सगळी जागा आधीच धरून ठेवली होती. ताईने क्षणभरही विचार केला नाही. राज्य थांबवलं आणि काढून टाकलं. ज्याच्यासाठी एवढी उलथापालथ केली, तोच गेम! धाकटी "अगं, अगं" म्हणेपर्यंत काम झालं होतं.

मग तिघी माझ्याकडे बघत बसल्या. पट्टी मुंगीच्या पावलाने सरकत होती. एकदा तर ती अर्ध्यावर अडली आणि ताईने माझ्याकडे असं पाहिलं की मी माणूस असतो तर मला घाम फुटला असता. पण मी धरून ठेवलं. पुन्हा सरकली, भरली, आणि दोन हमाल कपाटाला टेकून उभे राहिले. अगदी शेवटच्या मजल्याच्या पायथ्याशी.

दोघी पलंगावर बॅगेला बाजूला सारून बसल्या. ताईचा डावा हात, धाकटीचा उजवा. पण इतक्या दिवसांनी ताल कुठला जमायला! जिना अरुंद, वळण वाकडं. आरसा फुटला. पुन्हा. पुन्हा. आई मागे उभी राहून सूचना द्यायला लागली.

"अगं, आडवं कशाला धरता? उभं करा!"

"आई, उभं होत नाही त्यात."

"मग आधी वरचं दार उघडं आहे का बघा. कपाट नेताना पहिलं दार बघायचं असतं."

दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. वरचं दार बंद होतं. इतका वेळ हमाल बंद दारावर कपाट आपटत होते. एका हमालाने कपाट पेलून धरायचं आणि दुसऱ्याने पळत जाऊन दार उघडायचं, एवढंच होतं. ताईने पेललं. धाकटी पळाली.

कपाट गच्चीवर पोचलं. हमालांनी ते ठेवलं, कपाळ पुसलं आणि दोघे आरशासमोर बसले. मग गेम बनवणाऱ्यांची नावं सरकायला लागली.

"एवढंच?" धाकटी म्हणाली.

"एवढंच," ताई म्हणाली.

केक कापला. संध्याकाळच्या उन्हात तिघींनी तो खोक्यातूनच खाल्ला, कारण बशा धुवायचा कोणालाच उत्साह नव्हता. बोटं पुसून धाकटीने मला उचललं, स्वतः माझ्या यादीत शिरली आणि कपाटावर खूण केली.

"काय करतेस?" ताई दचकली.

"आता काय उचलायचं राहिलंय? तुझं राज्य बसायला जागा लागेल. सकाळपर्यंत उतरेल." तिने "हो" दाबलं. कपाट गेलं. या वेळी मला हलकं वाटलं नाही, आणि जडही नाही. काम पुरं झाल्यावर वाटतं तसं वाटलं.

सध्या मी जहाजावर आहे. ताईच्या केबिनमधल्या खणात राहतो. कामाची पाळी संपली की ती हाताचं तेल साबणाने धुते, तरी अंगठ्याला थोडं राहतंच, आणि माझ्या बटणांना इंजिनाचा वास लागलाय. तिचं राज्य चांगलं वाढलंय. बंदरावर फोन लागला की धाकटी पहिलं विचारते, "तटबंदी झाली का?" आणि ताई सांगते, "नाही, तुझ्याशी बोलून मग करू म्हटलं." माझी बॅटरी पूर्वीइतकी टिकत नाही, पण एका पाळीपुरता मी खंबीर आहे, आणि अजून बरीच वर्षं राहीन.

माझ्यासारखा एखादा जुना डबा तुमच्याकडे असेल तर साफ करायला अजिबात कचरू नका. भाराभर खुणा करा, एकदम काढून टाका. आम्हाला ते सोसतं. फक्त "हो" दाबण्याआधी घरातल्या दुसऱ्या माणसाला एक हाक मारा. उत्तर यायला दोन मिनिटं लागली तर लागू द्या.

बाहेर बुटांचा आवाज येतोय. ताईची पाळी सुटली. मला कामावर हजर व्हायला हवं.