एक्केचाळीस भरलेल्या बाटल्या

माझी थोरली जाऊ रोज सकाळी पाण्याची बाटली भरून कामाला न्यायची पण सुटेपर्यंत ती जवळजवळ भरलेलीच राहायची. मी त्यांना ताई म्हणते. सव्वीस वर्षं ताई शर्टांच्या कॉलरी शिवतायत. त्यांच्या हातची कॉलर घालणाऱ्याची मान वाकेल, कॉलर वाकायची नाही. त्या वर्षी तिसऱ्यांदा त्यांना लघवीची जळजळ सुरू झाली, थंडी वाजून ताप आला, तेव्हा डॉक्टरीणबाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"दिवसाला आठ ग्लास पाणी पोटात गेलंच पाहिजे. कामावर जमत नसेल तर काम सोडा. पुढच्या वेळी हे मूत्रपिंडापर्यंत जाईल."

दवाखान्याचा जिना उतरताना ताई म्हणाल्या, "महिनाअखेरीला सोडते काम. पाणी काय, घरी बसूनही पिता येतं."

मला धसकाच बसला. घरी बसलेली ताई मी एकदाच पाहिली आहे, हात मोडला होता तेव्हा. तिसऱ्या दिवशी त्या एका हाताने उशीच्या अभ्र्यांना कॉलर लावत होत्या.

आमचा शिवणविभाग तिसऱ्या मजल्यावर. बायका एक्केचाळीस, पुरुष चार: कटिंग मास्तर, दोघे इस्त्रीवाले आणि सुपरवायझर. बाथरूम तळमजल्यावर, अंगणाच्या पलीकडे. जायचं तर भिंतीवरच्या खिळ्याला टांगलेला लाकडी बिल्ला गळ्यात घालायचा, म्हणजे एका वेळी एकीनेच जावं. बिल्ला चांगला बशीएवढा. तो घालून निघालं की कोण कुठं चाललंय हे अख्ख्या मजल्याला कळे. सुपरवायझर घड्याळाकडे बघे आणि इस्त्रीवाले उगाच खोकत. अवघड जागी दुखणं आणि जावई डॉक्टर म्हणतात ना, आमच्याकडे जावई चार होते.

त्याच आठवड्यात मालकांची लेक शिकून परत आली आणि आमच्या मजल्याचा कारभार बघू लागली. आम्ही तिला धाकट्या बाई म्हणू लागलो. पहिल्याच दिवशी तिने फळा मागवला.

"आजपासून इथे लोकशाही," ती म्हणाली. "या वर्षी या मजल्यावर एक मोठी सोय करायची आहे. कोणती, ते तुम्ही ठरवायचं."

"आणि मालक?" कुणीतरी विचारलं.

"बाबा ऐकतील. मी बघते."

सूचना आल्या. इस्त्रीवाले म्हणाले, कूलर. पोरी म्हणाल्या, कूलर. मी घसा खाकरून म्हटलं, "याच मजल्यावर एक बाथरूम. भिंतीकडच्या मालाच्या खोलीत होईल." मागे कुणीतरी फिसकन हसलं. धाकट्या बाईंनी फळ्यावर एका बाजूला 'कूलर' लिहिलं आणि दुसऱ्या बाजूला 'स्वच्छतागृह', जणू शब्द लांब केला की लाज कमी होते.

"कूलरसाठी हात वर करा."

हातांचं शेतच उभं राहिलं. आणि माझ्या शेजारच्या मशीनवरून, हळूहळू, एक ओळखीचा हात वर गेला. ताईंचा!

बाथरूमसाठी तिघींचे हात. मी, झाडलोट करणाऱ्या आजी आणि एक नवी मुलगी, जिला लाज कशाकशाची धरायची हे अजून शिकवायचं राहिलं होतं. बेचाळीस विरुद्ध तीन. टाळ्या वाजल्या.

 घरी जाताना वळणावर मला राहवलं नाही.

"ताई, तुम्हाला कूलर हवाय? सर्दी होते म्हणून पंख्याखाली न बसणाऱ्या तुम्ही!"

"अगं, मास्तर समोर उभे होते."

"मग?"

"मग काय मग? सव्वीस वर्षं ते मला ताई म्हणतात. त्यांच्यापुढे हात वर करून सांगू, की मला सारखी लागते? सगळ्यांचे हात तिकडे होते. माझा एकटीचा खाली राहिला असता तर सगळ्यांनी माझ्याकडेच पाहिलं असतं."

मी काही बोलणार, तर त्यांनी बाटली पिशवीतून काढून माझ्या हातात दिली. "हे ओझं तू धर."

बाटली काठोकाठ भरलेली होती आणि त्यावरून मला एकदम झाड आठवलं.

आमच्या जिन्याच्या तळाशी एक मोठी कुंडी आहे. तिच्यातल्या झाडाची पानं ताटाएवढी. येणारा पाहुणा हटकून विचारतो, खत कोणतं घालता? खत नाही. संध्याकाळी सुटताना आम्ही बायका एकेक करून आपापल्या बाटल्या त्या कुंडीत उपड्या करतो. घरापर्यंत भरलेलं ओझं कोण वाहणार? त्या दिवशी ताई विसरल्या होत्या एवढंच. इतकी वर्षं मी स्वतः तिथे बाटली रिकामी करत होते, पण पुढची आणि मागची किती ओतते आहे, याकडे कधी पाहिलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सुटायच्या पाच मिनिटं आधी मी धाकट्या बाईंच्या टेबलापाशी गेले.

"बाई, पुन्हा मतदान घ्या."

तिने मान हलवली. "तसं नाही करता येत, मावशी. बहुमताचा मान ठेवायला हवा. हरलं की पुन्हा मतदान, याला काय अर्थ?"

"बरोबर आहे. पण काल तुम्ही हात मोजलेत. आज जरा बाटल्या मोजा."

खिडकीच्या कट्ट्यावर सगळ्या बायकांच्या बाटल्या रांगेने ठेवलेल्या असतात. ती उठून आली. मोजत गेली. निळी, हिरवी, बूच फुटलेली, लेकराच्या शाळेची जुनी. एक्केचाळीस. एखाददुसरी घोटभर उणी. बाहेर कडक ऊन होतं आणि सकाळपासून साडेआठ तास झाले होते.

"कुणी पाणीच पीत नाही?"

"प्यायलं की उतरायला लागतं. उतरायचं तर बिल्ला घालावा लागतो."

"मग काल कुणी बोललं का नाही?"

"तुम्ही कधी चार पुरुषांसमोर हात वर करून हे सांगितलंय?"

ती कानापर्यंत लाल झाली. शिकलेली असली तरी पोर चांगली होती. "मला सुचलंच नाही," म्हणाली. "चिठ्ठ्या वाटूया?"

"नको. आजींना लिहिता येत नाही आणि बाकीच्यांचं अक्षर सुपरवायझर ओळखतात. बटणं वापरू."

बटणं माझ्या अखत्यारीतली. एकोणीस वर्षं मी काज-बटणाच्या मशीनवर आहे. प्रत्येकाला एक पांढरं, एक काळं. पांढरं म्हणजे बाथरूम, काळं म्हणजे कूलर. हवं ते बटण डब्यात टाकायचं, उरलेलं घरी न्यायचं. पण डब्यात टाकताना दिसेल, त्याचं काय? ताईंनी एक नापास शर्ट ओढला, त्याची बाही कापली आणि पुठ्ठ्याच्या डब्याच्या तोंडाला शिवून टाकली. मूठ कफातून आत घालायची, आत उघडायची, रिकामी बाहेर काढायची. कफ ढगळ वाटला म्हणून घाईघाईने मी त्याला एक पांढरं बटण लावलं.

शुक्रवारी सगळे रांगेने आले आणि बाहीत हात घालून गेले. कुणी हसलं नाही. ताईंची मूठ आत जरा जास्तच वेळ राहिली.

मास्तरांनी डबा टेबलावर उपडा केला. पांढऱ्याचा ढीग आणि काळ्याची चिमूट. माझे डोळे भरून आले, पण सुपरवायझर मोजत होता.

"अडतीस पांढरी, आठ काळी. सेहेचाळीस!" त्याने बोट आपटलं. "माणसं पंचेचाळीस. कुणीतरी दोन टाकलीत. रद्द करा."

"एकाने काय फरक पडतो?" नवी मुलगी म्हणाली.

"फरक पडतो," धाकट्या बाई हळूच म्हणाल्या. "मोजणी चुकली तर उद्या कुणीही काहीही म्हणेल."

 ताईंनी खाली मान घालून मशीनवर झाकण घालायला घेतलं, कायमचं घालतात तसं. महिनाअखेरीला नऊ दिवस होते.

मास्तरांनी डबा उचलला, बाही उलटी केली आणि कफ नाकाजवळ नेला. मग माझ्याकडे पाहिलं.

"हे बटण कुणी लावलं होतं?"

कफावर दोन पांढरे धागे तेवढे लोंबत होते.

"मी," मी म्हटलं.

"एकोणीस वर्षं?"

"एकोणीस."

"गाठ मारली होती?"

"घाईत राहिली."

आधी आजी हसल्या, मग सगळा मजला. सुपरवायझरही हसला, न हसून करतो काय. मी कपाळाला हात लावला. पंचेचाळीस माणसांनी शिस्तीत मत टाकलं आणि बोगस मतदान केलं ते माझ्या बटणाने. सदतीस विरुद्ध आठ. धाकट्या बाईंनी फळ्यावर लिहिलं आणि खाली दोन रेघा ओढल्या.

मी हिशेब केला. चारही पुरुषांनी काळं टाकलं असेल, तर चार बायकांना अजून कूलरच हवा होता. मास्तर माझ्या मनातलं ओळखून पुटपुटले, "माझं पांढरं धरा. तीन जिने मलाही आहेत आणि वय काही तुम्हा बायकांनाच होत नाही."

तेवढ्यात थोरला इस्त्रीवाला म्हणाला, "आमचं काय मग? तुम्ही जिंकलात, आम्ही भाजलेलेच."

खोटं नव्हतं. त्याच्या बनियनला मिठाच्या रेघा होत्या. मी धाकट्या बाईंकडे पाहिलं, त्यांनी फळ्याकडे. 

"माझी खिडकीची जागा घ्या," ताई म्हणाल्या. साऱ्या मजल्यासमोर त्या एवढ्या मोठ्याने बोललेल्या मी प्रथमच ऐकल्या. "इस्त्रीचं टेबल इथं लावा, वारा येतो. मी भिंतीकडे जाते. मला तिकडूनच जवळ पडेल." आणि काय जवळ पडेल, हे लक्षात येऊन त्या स्वतःच पदराआड हसल्या.

भिंतीकडची कोपऱ्यातली माल ठेवायची खोली रिकामी करून महिन्याभरात बाथरूम झालं. आतून कडी आहे. बिल्ला आजींनी खिळ्यावरून काढून नेला. म्हणतात, घरी पाण्याच्या तांब्यावर झाकण म्हणून बरोबर बसतो.

ताईंनी काम सोडलं नाही. अकरा वाजले की मशीन थांबवतात, मान मागे टाकतात आणि घटाघटा पितात. मी मोजते. दिवसाला आठ ग्लास. कधी नऊ.

परवा धाकट्या बाई जिन्याच्या तळाशी कुंडीपाशी उभ्या होत्या. पानं कडेने पिवळी पडून लोंबत होती.

"मावशी, या झाडाला झालंय तरी काय? पाणी कोण घालायचं त्याला?"

सुटून उतरणाऱ्या आम्ही सगळ्या थांबलो. एकमेकींच्या हातातल्या रिकाम्या बाटल्यांकडे पाहिलं. शेवटी ताई परत तीन जिने चढल्या आणि झाडासाठी बाटली भरून आणायला गेल्या.