सुटण्यासाठी केलेली माळ

मित्रांनो, मी एक जुनी लाकडी माळ आहे, पण मला आजवर कोणी गळ्यात घातलेले नाही. घालायचे म्हटले तरी मान मोडेल. माझा एकेक मणी चांगला लिंबाएवढा आहे आणि असे दहा मणी आहेत. शाळेच्या प्रयोगशाळेतल्या कपाटात, तराजू आणि दांडा तुटलेले भिंग यांच्या मधोमध माझा मुक्काम असतो. इतर माळा तुटल्या की घरात गोंधळ उडतो, मणी शोधायला सगळे पलंगाखाली शिरतात. माझे उलटे आहे. माझे मणी सुटले की वर्ग टाळ्या वाजवतो.

माझा जन्म एका सुताराच्या हातून झाला. हे सुतार म्हणजे आमच्या विज्ञानाच्या बाईंचे सख्खे मामा. त्यांच्या कामाची ख्याती अशी की त्यांनी केलेल्या खुर्चीवर तीन पोरे नाचली तरी ती हूं की चूं करायची नाही. "माझा सांधा सुटला तर मला सुतार म्हणू नका," असे ते येणाऱ्याजाणाऱ्याला ऐकवायचे. अशा माणसाकडे भाची एक दिवस गेली आणि म्हणाली, मामा, मला सुटणारे सांधे हवेत.

मामांनी चष्मा काढला, पुसला आणि परत घातला. बाईंनी समजावले. पावात किंवा बटाट्यात जो स्टार्च असतो, तो म्हणजे साखरेच्या बारीक बारीक मण्यांची लांबच लांब माळ. दोन मण्यांना जोडून ठेवतो तो बंध. आपण पाव चावतो तेव्हा लाळेतले एक विकर येते आणि हे बंध एकेक करून तोडते. विकर म्हणजे शरीरातला कारागीर, आपले ठरलेले काम झटपट उरकणारा. मुलांना हे डोळ्यांनी दिसत नाही, म्हणून लाकडाची माळ हवी. नुसती ओढून सुटायला नको, पण चावी लावली की सुटायला हवी.

"म्हणजे मी नीट काम करायचं, आणि तू पोरांसमोर ते मोडून दाखवायचं," मामा म्हणाले. "भाची आहेस म्हणून ऐकून घेतोय."

पण त्यांनी मला मनापासून घडवले. एका जुन्या पलंगाच्या पायातून माझे मणी लेथवर उतरवले, पॉलिश पेपरने घासून गुळगुळीत केले. प्रत्येक सांध्यात आत एक खिट्टी आणि बाहेर बारीक भोक. त्या भोकात पितळी चावी घालून वळवली की खिट्टी सरकते आणि मणी अलग होतात. बाईंनी त्यात स्वतःची भर घातली. त्यांनी निळ्या टोप्यांचा एक डबा केला. सांधा सुटला की दोन्ही उघड्या टोकांवर एकेक टोपी बसवायची. खऱ्या बंधाच्या तुटण्यात पाण्याचा एक कण कामी येतो. त्याचे दोन भाग होतात, एक इकडच्या टोकाला लागतो, दुसरा तिकडच्या. कोणतेही टोक रिकाम्या हाताने जात नाही. मला हा भाग सगळ्यात आवडतो.

पहिली काही वर्षे माझा थाट काय वर्णावा! प्रयोगाच्या तासाला बाई मला टेबलावर पसरत आणि फळ्यावर एक शब्द लिहीत: छेद्य बंध. मुले हमखास चुकायची. मी सुटले की म्हणायची, बंध छेद्य झाला. बाई न कंटाळता सांगायच्या की तुटला तो तुटला. छेद्य म्हणजे तोडता येण्याजोगा. सांधा बंद असतानाही तो छेद्यच असतो, पाव अजून ताटात असतानाही त्यातला बंध छेद्यच असतो. काही मुले छेद्य म्हणजे कच्चा असे लिहायची. मग बाई दोन दांडगी पोरे उभी करायच्या आणि मला दोन्हीकडून ओढायला लावायच्या. पोरे लालबुंद व्हायची, मी हलायची नाही. मग वर्गातल्या सगळ्यात लहानखुऱ्या मुलीच्या हातात चावी जायची आणि टक्, सांधा मोकळा.

पुढे एक वर्ष असे आले की शाळेचे निकाल घसरले. मुख्याध्यापिका, म्हणजे सगळ्यांच्या मोठ्या बाई, भाषा शिकवायच्या. स्वभावाने कडक, पण वाईट नव्हत्या. त्यांनी एकदा प्रयोगशाळेच्या खिडकीतून पाहिले तर तिसावर मुले शांतपणे पाव चघळत बसलेली. त्यांनी बाईंना बोलावून विचारले की हे कोणत्या विषयात बसते. त्यापेक्षा या तासाला मुलांकडून उत्तरे लिहून घ्यावीत, निदान अक्षर तरी सुधारेल. नवे वेळापत्रक तयारच होते. बाईंनी खूप विनवले तेव्हा कुठे त्या म्हणाल्या की उद्याचा एक तास मी मागे बसून बघते, मग ठरवू.

बाईंचा त्या तासावर किती जीव होता, ते मला ठाऊक होते. त्यांनी मला त्या दिवशी घरी नेले. माझा मधला एक सांधा झिजला होता, चावी न लावताच सुटायचा. मामांना तो बघायला सांगून ठेवले होते. बाईंनी बाकीचे सांधेही तेलपाणी करायला सोडवले, मला ओसरीतल्या मेजावर मांडले आणि उद्यासाठी पाव आणायला बाहेर पडल्या. तेवढ्यात मामा आले.

त्यांना दिसले काय, तर आपल्या हातची माळ पार विखुरलेली. एक सांधा ढिला आहे असे ऐकून आलेला माणूस, आणि इथे तर सगळेच निखळलेले. त्यांचा चेहरा पडला. भाचीच्या मोठ्या बाई उद्या हे बघणार! भाचीचे नाक कापले जाणार आणि आपलेही. त्या धास्तीत, ही माळ सुटण्यासाठीच केली आहे हेच ते विसरले. त्यांनी पिशवीतून लाकूड चिकटवायच्या सरसाचे भांडे काढले, कोणाला न विचारता गरम केले आणि मला एका टोकापासून जोडत निघाले. सांध्यात सरस, खिट्टीवर सरस आणि जाता जाता चावीच्या भोकातही सरस. मला ओरडायचे होते, पण लाकडाला तोंड कुठले? नशीब एवढेच की निम्म्यावर सरस संपला. उरलेले सांधे त्यांनी ठाकूनठोकून बंद केले, झिजलेली खिट्टी बदलली, फडक्याने मला पुसले आणि राहिलेले उद्या करू म्हणून समाधानाने घरी गेले. बाई आल्या. माळ जोडलेली दिसली, मधला सांधाही पक्का. मामांना मनातल्या मनात धन्यवाद देत त्यांनी मला पिशवीत ठेवले.

दुसऱ्या दिवशी मोठ्या बाई शेवटच्या बाकावर बसल्या. हातात नव्या वेळापत्रकाची गुंडाळी होती. मुलांनी पाव चावला, गिळायचा नाही अशी ताकीद होती. हळूहळू एकेकाचा चेहरा खुलला, पाव गोड लागू लागला होता. मग दोघांनी मला ओढले. मी घट्ट. मग चावी. पहिला सांधा टक्, दोन निळ्या टोप्या. दुसरा, तिसरा, चौथा. पाचव्या सांध्याशी चावी आली आणि आत जाईना.

बाईंनी पुन्हा घातली. मग नखाने भोक खरवडले. पिवळा, वाळलेला सरस नखाला लागला. बाईंनी तो नाकाशी नेला आणि त्यांना सगळे उमगले. वर्गात खुसखुस सुरू झाली. मागच्या बाकावर वेळापत्रकाची गुंडाळी सरळ झाली.

त्या वर्गात एक मुलगी होती. तिला कशाचीच खात्री पटायची नाही, म्हणून सगळे तिला शंकासूर म्हणायचे. ती उभी राहिली. "बाई, हे पुढचे सांधे जास्त पक्के आहेत का?"

बाई उत्तर द्यायला गेल्या आणि थांबल्या. मग त्यांच्या गालावर हसू आले. "मघाशी तुम्ही माळ ओढलीत, तेव्हा कोणता सांधा सुटला?"

"एकही नाही."

"मग पक्का कोण आणि कच्चा कोण?"

शंकासूर बाकावरून पुढे माझ्यापाशी आली. तिने चारही मोकळे सांधे पाहिले, चिकटलेला पाचवा पाहिला, चावी हातात घेऊन फिरवली. "सगळे सारखेच पक्के आहेत," ती सावकाश म्हणाली. "फक्त इथे ही चावी बसत नाही."

मित्रांनो, तेव्हा बाईंनी जे केले ते मी जन्मभर विसरणार नाही. त्यांनी मला मधोमध धरले आणि वर्गाला म्हणाल्या की काल एका प्रेमळ माणसाने ही माळ दुरुस्त केली. त्यामुळे तिचा हा भाग आता पाव राहिलेला नाही. हा झाला कागद. मुले चक्रावली. बाई सांगू लागल्या की कागदही साखरेच्या अशाच मण्यांचा बनलेला असतो. मणी तेच, फक्त जोडणी वेगळ्या बाजूने. तेवढ्या फरकाने आपल्या लाळेतल्या विकराची चावी तिथे लागत नाही. म्हणून दिवसभर वही चघळली तरी ती गोड लागणार नाही. पण शेळीच्या पोटात राहणाऱ्या सूक्ष्म जीवांकडे त्या जोडणीची चावी असते, म्हणून शेळीला पाला पचतो आणि वही सापडली तर तीही.

"म्हणजे तोच बंध शेळीच्या पोटात छेद्य आणि माझ्या पोटात नाही?" शंकासूरने विचारले.

"आता बरोबर बोललीस. छेद्य म्हटलं की पुढचा प्रश्न विचारायचा, कोणाच्या चावीने?"

तेवढ्यात मागून टर्र असा आवाज आला. सगळ्यांनी माना वळवल्या. मोठ्या बाईंनी वेळापत्रकाचा कोपरा फाडून तोंडात टाकला होता. त्या डोळे मिटून, अगदी न्याय द्यायला बसल्यासारख्या, चावत होत्या. कोणी हसायची छाती केली नाही. बराच वेळ गेला. मग त्यांनी तो लगदा रुमालात काढला आणि म्हणाल्या, "नाही लागत गोड."

त्या उठून फळ्यापाशी गेल्या. तिथे बाईंनी लिहिले होते, 'पावातला बंध छेद्य आहे.' त्यांनी खडू घेतला आणि वाक्याच्या सुरुवातीला वळणदार अक्षरात भर घातली: 'लाळेतल्या विकरासाठी'. जाताना दारात थांबल्या. "पुढच्या तासाला पाव जरा जास्त आणा. मला मिळालाच नाही." कोपरा फाटलेले ते वेळापत्रक भिंतीवर कधीच लागले नाही.

खरी गंमत संध्याकाळी झाली. बाई मला घेऊन घरी पोहोचल्या, तर ओसरीत मामा हजर. पुढ्यात सरसाचे काठोकाठ भरलेले भांडे. "आण इकडे, राहिलेले सांधे करून टाकतो."

बाईंनी मला पाठीमागे लपवले. मग त्यांना खाली बसवून सगळे सांगितले. ऐकता ऐकता मामांचा हात कपाळावर गेला. ते लगेच पटाशी काढून सरस खरवडायला निघाले, पण बाईंनी हात धरला. म्हणाल्या, असू दे. आता माझ्याकडे एकाच माळेत पाव आणि कागद दोन्ही आहेत.

मामा कितीतरी वेळ मला मांडीवर घेऊन बसले. मोकळा सांधा लावायचे, चावीने सोडायचे, परत लावायचे. टक्, टक्. "आयुष्यभर न सुटणारे सांधे केले गं," शेवटी ते म्हणाले. "पण नेमका लागेल तेव्हाच सुटणारा, हाच अवघड. आणि तोच मी चिकटवायला निघालो होतो."

"आता येणाऱ्याजाणाऱ्याला काय ऐकवणार?"

"तेच," मामा म्हणाले. "फक्त आधी विचारीन, चावी कोणाची."

त्याला आता खूप काळ लोटला. बाई निवृत्त झाल्या, मामाही राहिले नाहीत. मधली काही वर्षे मी कपाटात धूळ खात पडले, एका मण्याला कीड लागून भोकही पडले. मग कपाट पुन्हा उघडले आणि नवे शिक्षक मला बाहेर काढू लागले. प्रत्येकाला आधी वाटते, अरेरे, ही तर निम्मी खराब झाली आहे. कोणी घासायला बघतो, कोणी नवे भोक पाडायला. तेवढ्यात एखादा जुना विद्यार्थी धावत येतो आणि त्यांचा हात धरतो.

म्हणून मित्रांनो, तुमच्यापाशी माझे एवढेच मागणे आहे. कोणतीही जुनी वस्तू दुरुस्त करायच्या आधी ती कशासाठी केली आहे, ते कोणाला तरी विचारा. जे सुटते ते बिघडलेलेच असते असे नाही. मला ओढा, सोडवा, परत जोडा, मला त्यात आनंद आहे. फक्त तास संपला की चावी डब्यात ठेवा आणि निळ्या टोप्या मोजून घ्या. दोन टोप्या गेल्या वर्षीपासून दिसत नाहीत. बहुधा खिडकीकडच्या बाकाखाली गेल्या असतील. सापडल्या तर आणून द्या. माझी दोन टोके रिकाम्या हाताने बसली आहेत.