युन-सोलचा कागद

“मावशी, तो कागद उचला तिथून. सूप सांडेल त्यावर,” ग्वाक कोच म्हणाल्या, पण त्यांनी स्वतः हात लावला नाही.

मी हात पुसले आणि कागद तांदळाच्या डब्यावर ठेवला. सकाळचे दहा वाजले होते. बाहेर शाळेच्या मैदानात संघातल्या मुली पळत होत्या. फेब्रुवारीतला समुद्राचा वारा असा की, त्यांच्या शिट्ट्या स्वयंपाकघरात अर्ध्याच पोचत होत्या.

मला अक्षरं उशिरा आली. त्यामुळे मी सावकाश वाचते, पण एकही शब्द सोडत नाही. कागदावर लिहिलं होतं की प्यो युन-सोल, वय सोळा, हिने दुसऱ्या शाळेकडून फुटबॉल खेळायला आमची हरकत नाही. खाली प्रशिक्षकाच्या शिक्क्यासाठी जागा होती. शिक्का मारलेला कागद त्याच दिवशी पाच वाजायच्या आत फॅक्सने गेला नाही, तर मुलगी शहरातल्या शाळेत जाऊ शकत होती, पण तिला वर्षभर एकही सामना खेळता आला नसता. सोळाव्या वर्षी एक वर्ष बाहेर बसलेली मुलगी पुन्हा कोणी बघत नाही.

आणि कागद गेला, तर आमच्याकडे दहाच उरत होत्या. मुख्याध्यापकांनी नव्या वर्षाच्या सभेतच सांगून टाकलं होतं, अकरा मुली असतील तर संघ, नाहीतर मैदानात शिक्षकांच्या गाड्या उभ्या राहतील.

ग्वाक मी-सुक बावन्न वर्षांच्या होत्या. त्या मुळात हॉकीच्या. त्यांच्या वेळी देशात फुटबॉल खेळणाऱ्या मुलीच नव्हत्या, तेव्हा फुटबॉल संघटनेचे साहेब लोक हॉकीच्या, हँडबॉलच्या सरावाला येऊन उभे राहायचे आणि म्हणायचे, तुला पळता येतं ना, मग चल. त्या गेल्या. देशाचा शर्ट घालून डावीकडून चौदा सामने खेळल्या, मग गुडघा गेला. आमच्या बेटावर त्या एकोणीस वर्षं होत्या, दर वर्षी एका वर्षाच्या करारावर. राहायच्या मुलींच्याच वसतिगृहात, माझ्या स्वयंपाकघराशेजारच्या खोलीत. दुसरं घर नव्हतं.

अकराच्या सुमारास युन-सोलची आई आली. तिचं धक्क्याजवळ केस कापायचं दुकान. बोटांना काळा रंग तसाच होता.

“कोच, मारा ना शिक्का. एका बाईच्या डोक्याला रंग लावून तशीच पळत आलेय मी.”

“मग जा लवकर. जास्त चढेल तो.”

“चढू दे. माझी नणंदच आहे.” ती बूट न काढता दारातच टेकली. “तिकडे गवताचं मैदान आहे. डॉक्टर आहे. जपानला नेतात खेळायला. इथं काय आहे? एकोणीस वर्षांत एक चषक तरी आणलात का? मावशींचं सूप तेवढं आहे.”

“सूप चांगलं असतं,” कोच म्हणाल्या.

“सूप चांगलंच असतं हो. मावशी, तुम्हाला नाही म्हणत मी.”

“बाकीच्या दहा जणींच्या आयांना काय सांगू?”

“त्यांचं त्या बघतील. तुम्ही तुमची नोकरी बघताय, मी माझी मुलगी बघते.”

आई उठली, मला वाकून नमस्कार केला, कोचना केला नाही, आणि गेली.

दुपारी जेवायला मुली बसल्या तेव्हा चमच्यांचाच आवाज होता. एरवी मला ओरडून गप्प करावं लागतं. कर्णधार सो-ही भात कालवत म्हणाली, “युन-सोल, शहरात जाऊन ऑपरेशन करून नाक नीट करून घे हं. फोटो पाठव.” एक-दोघी हसल्या. मग सो-हीच पुढे म्हणाली, “तू गेलीस की आम्ही बंद. एवढं डोक्यात ठेव.”

युन-सोलने चमचा खाली ठेवला. “कोच, मी नाही जात. आईला मी सांगते.”

“तुला विचारलं कोणी?” कोच म्हणाल्या. “जेव. सगळ्याजणी गप जेवा.”

मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. मुलगीच नको म्हणतेय, तर प्रश्न मिटला, असं मी मनात म्हटलं. कोचनाही तसंच वाटलं असावं, कारण जेवण झाल्यावर त्यांनी तो कागद घडी करून कोटाच्या खिशात घातला आणि माझ्याबरोबर कोबी चिरायला बसल्या. मी मात्र घड्याळाकडे बघत होते. तीन वाजले. सव्वातीन.

साडेतीनला खायचं समुद्री शेवाळ सुकवणाऱ्या कारखान्यातली गाडी आली. नेहमीचा माणूस पाठ धरली म्हणून आला नव्हता. पेटी घेऊन आत आली ती बो-राम.

कोचचा सुरीवरचा हात थांबला. बो-राम पूर्वी आमच्याच संघातली. सहा वर्षांपूर्वी तिचाही असाच कागद आला होता, आणि कोचनी तो ड्रॉवरमध्ये ठेवला होता, फेब्रुवारी संपून मुदत जाईपर्यंत. ती कारखान्यात लागली तेव्हापासून कोच त्या रस्त्याने जात नाहीत. बाजाराला जायचं तरी टेकडीमागून जातात, तो गुडघा घेऊन.

बो-राम रबरी बुटांतच वाकली. “कोच, जेवलात का?”

“जेवले. तू?”

“हो.” तिने पेटी ठेवली आणि खिडकीतून बाहेर पाहिलं. मैदानात युन-सोल कोपऱ्यातून चेंडू मारत होती. बो-राम दोन फटके बघत उभी राहिली. “ती लांब केसांची छान मारते. पण दुसरा पाय लवकर उचलते. वाऱ्यात चेंडू वर जाईल तिचा.”

“सांगते तिला,” कोच म्हणाल्या. मग सुरी खाली ठेवून, “तू खेळतेस का अजून?”

“नाही, कोच. गुरुवारी सुट्टी असते, पण झोपते.”

“तुझा तो कागद मी तेव्हा...”

“माहीत आहे, कोच. आपण बाराच होतो ना तेव्हा. आणि एकीचा हात मोडला होता.” ती अगदी सहज म्हणाली, जणू संघाची यादी सांगत होती. “मावशी, इथं सही करा.”

मी सही केली. ती परत वाकली, गाडीत बसली आणि गेली.

कोच तशाच बसून राहिल्या. चार वाजले. चार वाजून पंधरा-वीस मिनिटं झाली तेव्हा त्या उठल्या, खोलीतून शिक्का आणला. शाई वाळून गेली होती. त्यांनी शिक्क्यावर तोंडाची वाफ सोडली आणि कागदावर दाबला, हाताची शीर फुगेपर्यंत.

शाळेच्या कचेरीकडे जायची वाट चढाची आणि बर्फाने गुळगुळीत. मी त्यांचा दंड धरून गेले. फॅक्स दोनदा लागला नाही. मुख्याध्यापक आतल्या खोलीतून बाहेर आले, कागद वाचला.

“ग्वाक मॅडम, हा गेला की तुमचा करारही संपला. कळतंय ना?”

“कळतंय. परत लावा.”

पाचला आठ मिनिटं असताना यंत्रातून पोच आली.

वसंतातल्या स्पर्धेची फी आधीच भरलेली होती, म्हणून तेवढी कोचच्या हाताखाली खेळू द्यायची असं ठरलं. पहिला सामना होता त्या दिवशी ऊन पडलं होतं. समोरच्या संघाकडे बाकावर बसायलासुद्धा नऊ मुली होत्या. आमच्या मुली रांगेत उभ्या राहिल्या, सो-ही पुढे. पंच तरुण मुलगा होता. त्याने बोटाने मोजलं, परत मोजलं, आणि कपडे बदलायच्या खोलीच्या दाराकडे बघत थांबला.

कोच रेषेपर्यंत गेल्या.

“थांबू नका,” त्या म्हणाल्या. “आम्ही एवढ्याच आहोत.”

त्याने त्यांना वाकून नमस्कार केला आणि शिट्टी वाजवली.