टिटवीचा गळा

आमची मुलगी रडत नव्हती. हे कुणाला सांगितलं की लोक म्हणायचे, "नशीबवान आहेस बाई!" मी हसायचे आणि घरी येऊन ती झोपेत श्वास घेतेय ना, हे नाकाशी बोट धरून बघायचे. जन्मली तेव्हा एकदाच काय ती इतकी ओरडली की तिचं नावच टिटवी पडलं. त्यानंतर सगळा आनंद. दुधाचे दात आले, जिना चढायला लागली, पण तोंडातून एक शब्द म्हणून नाही. डॉक्टर म्हणाले, कान उत्तम, गळा उत्तम. मग अडलंय कुठे, हे मात्र त्यांनाही सांगता येईना.

माझं सासर नादकऱ्यांचं. नादकरी म्हणजे आवाजाने वस्तू सांधणारे लोक. त्यांचा स्वतःचा संघ आहे आणि माझ्या सासूबाई त्याच्या मुख्य. तळमजल्यावरच्या कामाच्या खोलीत लोक तडकलेल्या बरण्या, रुसलेली कुलुपं, फुटक्या घंटा घेऊन येतात. मी कॉलेजात भौतिकशास्त्र शिकलेली, कंपनांची गणितं मला तोंडपाठ. पण सासूबाईंनी गुणगुणून काचेची भेग बुजवलेली पहिल्यांदा पाहिली, तेव्हा माझं गणित मुकाट्याने खाली बसलं.

संघाने ठरवलं होतं, टिटवीचा गळा उघडायचा. गंजलेलं कुलूप उघडतात तसाच. जाणत्यांनी भोवती बसायचं, एकाने सूर धरायचा, बाकीच्यांनी त्याला साथ द्यायची. मुलाला काही दुखत नाही. फक्त जो सूर धरतो त्याचाच आवाज मुलाच्या गळ्यात जन्मभरासाठी बसतो. आमच्या काकांचा, म्हणजे सासूबाईंच्या दिरांचा गळा लहानपणी असाच उघडला होता. ते आजही त्यांच्या आजोबांच्या आवाजात बोलतात. "माझ्या घशात भाडेकरू आहे, जातच नाही मेला," म्हणून सगळ्यांना हसवतात. पण कुणी त्यांच्या आवाजाचं रेकॉर्डिंग लावलं की उठून बाहेर जातात, हे मी पाहून ठेवलं होतं.

संघाची मंडळी त्या दिवशी सकाळीच यायची होती. त्याआधी नवरा म्हणाला, "आई स्वतः सूर धरणार आहे. तिच्याइतका गोड आवाज आहे का कुणाचा?"

"गोड आहे रे. पण टिटवीचा नाही ना."

"मग काय, मुकी राहू दे तिला?"

मी टिटवीला कडेवर घेतलं आणि खाली गेले.

खोलीत एक शिक्षिका तडकलेली सुरई घेऊन घाईत उभी होती. सासूबाईंनी सुरईला टिचकी मारली, कान लावला. पुन्हा टिचकी, पुन्हा कान.

"लवकर होईल का? शाळा भरेल माझी."

"आधी तिचं ऐकते, मग माझं सांगते," सासूबाई म्हणाल्या. "न ऐकता सूर लावला तर भेग बुजते, पण सुरई बद्द होते. पुन्हा वाजत नाही."

टिटवी माझ्या कडेवरून उतरली. फळीवर एक पितळी झाकण चमकत होतं. तिने हात वर केला. ओठ दाबले, सोडले, कपाळाला आठी पडली. तेवढ्यात सासूबाईंनी सुरईवरची नजरही न काढता नाकातल्या नाकात एक बारीक सूर सोडला. टिटवीचा हात खाली आला. आठी विरघळली. झाकण मिळाल्यासारखी ती तृप्त होऊन जमिनीवर बसली.

माझ्या अंगावर काटा आला. हे मी कितीदा पाहिलं होतं! जेवताना नवऱ्याचं गुणगुणणं, जिन्यात काकांचं. मी त्याला लाड समजत होते.

शिक्षिका गेल्यावर मी म्हणाले, "आई, तुम्ही आत्ता तिला गप्प केलंत."

"मी? मी कामात होते."

"तुम्ही गुणगुणलात. ती काही मागायला गेली की या घरात कुणीतरी गुणगुणतं. तिची हौस ओठांपर्यंत यायच्या आधीच फिटते. सुरईचं आधी ऐकता, हिचं कधी ऐकलंत?"

संघाच्या मुख्यांना मी आवाजाबद्दल शिकवत होते!

"नातवंड रडायला लागलं तर आजीने काय टाळ्या वाजवायच्या?" त्या कडाडल्या.

"नाही. नुसतं बसायचं."

त्यांनी हातातलं फडकं बाजूला ठेवलं. "मंडळी येईपर्यंत. तोवर तोंड बंद ठेवते. बोलाव तुझ्या नवऱ्यालाही."

नवरा खाली येऊन बसला, तोच टिटवीने पुन्हा झाकणाकडे हात केला. कुणी हूं की चूं केलं नाही. तिने आजीकडे पाहिलं, बापाकडे पाहिलं. ओठ थरथरले. आणि मग तिने असं भोकाड पसरलं की फळीवरच्या बरण्या झणझणल्या. नवऱ्याचा गळा हलला, मी त्याच्या तोंडावर हात दाबला. खरं तर माझ्याच घशात अंगाई दाटून आली होती. तिला उचलून घ्यावं, बस, एवढंच वाटत होतं.

या आकांतातच मंडळी दारात आली. "अरे, पोर रडतंय! लावा की कुणीतरी सूर!"

"खबरदार!" सासूबाई ओरडल्या. "ती बोलतेय."

त्यांच्याबरोबर आलेले काका पायरीवरच टेकले. डोळे मिटून ऐकत राहिले. "किती कर्कश आहे गं," ते आजोबांच्या भारदस्त आवाजात म्हणाले. "अगदी तिचा तिचाच."

रडणं ओसरून हुंदके उरले, तेव्हा सासूबाईंना राहवेना. त्यांनी वाकून हात पुढे केले. ओठ सवयीने मिटले, सूर आता सुटणार, तोच टिटवीने त्यांच्या हातावर फटका मारला.

"नको!"

माझा हात नवऱ्याच्या तोंडावर तसाच राहिलेला.

सासूबाई आधी हसल्या, मग डोळे पुसले. "बघ गं," त्या मला म्हणाल्या, "मला तोंडावर नको म्हणायला तुला आजचा दिवस उजाडावा लागला. हिने पहिल्याच शब्दात उरकलं." मग मंडळींना त्यांनी हातानेच परत जायची खूण केली आणि टिटवीसमोर जमिनीवर बसल्या. "बरं बाई, नको तर नको. मग काय हवंय?"

टिटवीने क्षणभर विचार केला आणि पुन्हा गळा काढला.