स्तेलिओसचं क्लॅरिनेट

ही गोष्ट २०१८ सालची. नागपूरहून सनीव्हेलला नोकरीसाठी आलेल्या उपासनानं पन्नाशीत सॉफ्टवेअर सोडलं, लॉस एंजेलिस गाठलं आणि सिनेमाच्या संगीताचं एडिटिंग धरलं. त्या वर्षी तिच्याकडे अनयाचा पहिला सिनेमा होता. अनया तिच्या मैत्रिणीची लेक, ओहायोत वाढलेली. दिग्दर्शक झाली तरी उपासनाला मावशीच म्हणायची.

संगीत स्तेलिओसचं. ग्रीसहून आलेला हा म्हातारा चाळीस वर्षांपूर्वी क्लॅरिनेटच्या एका सुरावटीनं गाजला, आणि मग जो येई तो तेच मागे. युद्ध असो, प्रेम असो, कुत्र्याच्या बिस्किटांची जाहिरात असो, पाहिजे क्लॅरिनेटच. "हा माझा शेवटचा सिनेमा. यात क्लॅरिनेट नाही," एवढ्या एकाच अटीवर त्यानं काम घेतलं होतं.

संगीत तयार होईपर्यंत एडिटर दृश्याखाली दुसरं काहीतरी तात्पुरतं लावून ठेवतात. विमानतळावर आई लेकीला निरोप देते, त्या दृश्याला उपासनानं स्तेलिओसचीच ती जुनी सुरावट लावली. त्याचा मान म्हणून. कुणाची ते अनयाला सांगायचं मात्र राहून गेलं, आणि अनयानं ते दृश्य दोन महिने रोज पाहिलं.

मग स्तेलिओसच्या रचना येऊ लागल्या. आधी व्हायोलिनची, मग पियानोची, शेवटी नुसत्या चेलोची. चेलो ऐकून उपासना उठली आणि बराच वेळ खिडकीशी उभी राहिली.

"छान आहे गं मावशी," अनया म्हणाली, "पण आधीच्यात जे आहे ना यार, ते यात नाही."

तात्पुरतं संगीत स्तेलिओस कधीच ऐकत नसे. यावेळी तो स्वतः स्टुडिओत आला. "मला तीनदा हरवणारा हा पठ्ठ्या कोण? ऐकवा तरी!"

उपासनानं बटण दाबलं. दोन सुरांतच त्यानं ओळखलं. खो खो हसला, आणि हसता हसता खुर्चीत बसला.

"वाटलं, कुणी तरुण असेल. हरायला बरं वाटलं असतं."

"चूक माझी आहे. मी काढून टाकते ते." उपासनानं सुरावट पुसली आणि दृश्य मुकं चालवलं.

अनयानं शेवटपर्यंत पाहिलं. "सॉरी, स्तेलिओस. आवाज बंद आहे, तरी मला तेच ऐकू येतंय."

मग स्तेलिओसनं कागद ओढला. वीस मिनिटांत नवी सुरावट झाली, जुनीची सख्खी बहीणच. "बघ," तो उपासनाला म्हणाला, "हाताला विचारावंसुद्धा लागत नाही."

सिनेमा बऱ्यापैकी चालला. क्लॅरिनेटचं सगळीकडे कौतुक झालं. अनया आता मालिका करते आणि नव्या संगीतकारांना नमुना म्हणून तीच सुरावट ऐकवते. स्तेलिओस ग्रीसला बहिणीकडे राहायला गेला. तिथं तीन वर्षं जगला, पण एक ओळ लिहिली नाही. उपासना हल्ली दिग्दर्शकांना दृश्यं मुकीच दाखवते. त्यापायी दोन कामं गेली. तिसरं चालू आहे.